शेपटाकडून पाणी

"आबा, तुम्ही ना, पक्के रूढीचुस्त आहात," योगिता पुस्तकातून डोकं वर न काढता म्हणाली.

उखाला त्यातलं 'चुस्त' एवढंच पोचलं. एकोणचाळीस वर्षं लूमच्या खात्यात, म्हणजे मागांच्या कारखान्यात, काढलेल्या माणसाला कान असतात ते नावाला. पण 'चुस्त' हा शब्द त्याच्या ओळखीचा होता. ताणा चुस्त असला की कापड सरळ उतरतं, ढिला पडला की झोळ, फार ओढला की तार तुटते. म्हणजे नातीने तारीफ केली. तो खूश झाला, आणि ते दिसू नये म्हणून त्याने बशी तोंडाला लावली.

"हासतस काय? नावं ठेवी राह्यनी ती तुम्हले," त्याची बायको धुरपदाबाई चुलीपाशी नसली तरी चुलीपाशी असल्यासारखी बोलायची. गॅस येऊन वीस वर्षं झाली होती.

योगिताने पुस्तक त्याच्यापुढे धरलं. बी.ए.चं राज्यशास्त्र, गुजराती माध्यम. पुढच्या सोमवारी पेपर होता. तोंड मोठं उघडून, एकेक शब्द सुटा करून ती बोलू लागली. या घरातल्या लेकरांना बोलायला शिकवतानाच तसं शिकवलेलं होतं. "गुजरातीत चुस्त म्हणजे घट्ट धरून बसलेला. रूढी सोडत नाही तो रूढीचुस्त. मराठीत पुराणमतवादी म्हणतात."

"मी पुराण कधी वाचलं?"

"वाचावं नाही लागत. ऐका. माणूस अपुरा आहे, चुकणारा आहे, म्हणून नुसत्या डोक्यातून काढून नवा समाज उभा करता येत नाही. जुन्या रिती पुष्कळ पिढ्यांनी घासून घासून बनवलेल्या असतात. बदल करायचा तर थोडा, हळू, आणि आधीचं का होतं ते समजून. सगळी सत्ता एका हातात देऊ नये, कितीही चांगला हात असला तरी. सरकारच्या खाली आणि एकट्या माणसाच्या वर घर, गल्ली, बिरादरी असं काहीतरी लागतं. गेलेल्यांनी ठेवलेलं वापरायचं, येणाऱ्यांसाठी ठेवून जायचं."

उखाने बशी खाली ठेवली. "एवढं लिहायला पुस्तक कशाला लागलं? माझ्या बापाला विचारायचं होतं."

"खाली टीका पण आहे."

"वाच."

"जुनं चांगलं असं त्यालाच वाटतं, ज्याची जुन्यात सोय झालेली असते."

पेपरात पाच मार्कांना येतं म्हणाली, तेव्हा त्याने फक्त मान हलवली. पाच मार्कांना येणारी गोष्ट एखाद्याला रविवारी सकाळी चहासोबत खुपते, हे पेपर काढणाऱ्याला कुठून कळायचं?

खुपायला कारण होतं. पुढच्या रविवारी गल्लीची मीटिंग होती, आणि मीटिंगचा विषय उखा होता. कागदावर विषय 'पाणी' लिहिला होता, पण गल्लीत शेंबड्या पोरालासुद्धा माहीत होतं.

डिंडोलीतली ही वीस घरांची गल्ली. सगळी खानदेशी, धुळ्या-जळगावाकडची, सुरतेत लूमवर आलेली. सकाळी साडेपाचला पालिकेचं पाणी येतं, साडेसातला जातं. गल्लीच्या तोंडाशी कुंडी, आत पालिकेच्या नळीचा वॉल, म्हणजे व्हॉल्व्ह, कुंडीवर लोखंडी झाकण, झाकणाला कुलूप, आणि चावी उखाच्या कमरेला. तीस वर्षं. कुंडीला लागून पहिलं घर उखाचं, गल्लीच्या शेपटाला विसावं. उखा वॉल खोलतो आणि काठी घेऊन थेट शेवटच्या घरापाशी जाऊन उभा राहतो. आधी वीस नंबर नळ खोलतो, बाकीचे बंद. वीसचं झालं की एकोणीस. असं करत पाणी मागे सरकत येतं आणि उखाच्या घराला सगळ्यांत शेवटी मिळतं.

ही रीत त्याने शोधलेली नाही. साक्री तालुक्यात, पांझरेच्या काठी त्याच्या गावाला दगडी बंधारा आहे. बाप बंधाऱ्याचा पाटकरी होता, म्हणजे कुणाच्या शेताला कधी पाणी सोडायचं ते बघणारा. पाटाला लिहिलेला कायदा नव्हता. पण कुणाची पाळी कधी हे पाळण्यातल्या पोराला ठाऊक असायचं. बाप पाणी शेपटाकडून सोडायचा. लहान उखाने विचारलं होतं, असं का? बाप म्हणाला होता, डोक्याजवळच्याला पाणी डोळ्यांना दिसतं, त्याला धीर धरता येतो. शेपटाकडच्याला नुसती बातमी ऐकू येते. बातमीवर कोण धीर धरतो?

शहाण्णव साली या गल्लीत पितळी हंड्याने एकाचं डोकं फुटलं. पुढची घरं पाणी ओढून घ्यायची, मागच्यांच्या नळाला नुसती हवा यायची. तिसऱ्या दिवशी उखा रातपाळी करून आला, झोप म्हणून नाही, भांडणाने डोळा लागेना. तो उठला, वॉल बंद केला आणि सगळ्यांना बापाची रीत सांगितली. बोलण्यात जोर होता, हातात काठी होती, आणि लोक दमलेले होते. दमलेल्या लोकांना रीत पटकन पटते.

तेव्हापासून पाळी सुरू. तेव्हापासून उखा गावाला चार दिवस राहिलेला नाही. बहिणीच्या तेराव्याला गेला, तो जेवून संध्याकाळच्या बसने परत. धुरपदाबाई म्हणायची, "चावी तुम्हले ठेवस का तुम्ही चावीले?" गुडघे गेले, खातं सुटलं, मुलगा सचिनच्या औद्योगिक वसाहतीत नोकरीला गेला, पण पाच वाजता डोळा उघडायचाच. थकवा असा की झोपूनही जात नव्हता.

आता कुंदन म्हणत होता की ही पाळीच नको.

कुंदन बत्तीस वर्षांचा, टेक्स्टाइल मार्केटात पार्सलचं काम करणारा, गल्लीच्या गणपतीचा प्रमुख. निवडणूक तोंडावर होती. वॉर्डातल्या एका भाईने शब्द दिला होता की घराघराला मोटर फुकट. ज्याने त्याने आपली मोटर लावायची, आपलं पाणी ओढायचं. ना काठी, ना नंबर, ना चावी.

बुधवारी तो सांगायला आला. आला तो पायाही पडला, पोरगं वाईट नव्हतं.

"तात्या, तुमच्याबद्दल रिस्पेक्ट आहे. पण सिस्टम पाहिजे ना काहीतरी. एकविसाव्या शतकात तुम्ही काठी घेऊन नळ खोलताय."

"मोटर लावल्यावर वीस नंबरला पाणी कसं जाईल?"

"त्याची पण मोटर राहील ना."

"एका नळीला वीस तोंडं लागली, तर कुणाच्या तोंडात जाईल?"

"चालशे, तात्या, चालून जाईल. ॲडजस्ट होतं सगळं."

उखाचं डोकं सटकलं. "होतं? बस इथं. आमच्या खात्यात एका लूमला सायकलच्या ट्यूबची पट्टी बांधलेली होती. कुणी बांधली, का बांधली, कुणाला माहीत नाही. नवा कारीगर आला, तुझ्यासारखा, शिकलेला. म्हणाला, काय घाण लावून ठेवलीय. ब्लेडने कापली. दुपारी धोटा लूममधून सुटला आणि समोरच्याच्या गालात घुसला. दात गेले तीन. मग सगळ्यांना कळलं पट्टी का होती."

"मग काय, ट्यूब जन्मभर बांधून ठेवायची?"

"काप ना! पण आधी विचार, ही कुणी का बांधली. मग काप."

कुंदन हसला. "तात्या, तुम्ही रविवारी हे असंच बोला, मजा येईल." आणि गेला. दारातून वळून म्हणाला, "चहा राहिला हां माझा." उखाला राग टिकवता येईना, हा त्याला नवाच त्रास.

दुसऱ्या दिवशी भगवान आला. सात नंबरचा. किराण्याचं दुकान, तीन मजली घर, वरच्या दोन मजल्यांवर भाडोत्री, गच्चीवर काळी टाकी. त्याने उखाचे दोन्ही हात हातात घेतले.

"तात्या, घाबरायचं नाही. ही आपली परंपरा आहे. आपल्या बापजाद्यांची. काल आलेल्या पोरांनी ती मोडायची? संस्कार म्हणून काही आहे की नाही? माझ्या बाजूने बारा घरं धरून ठेवलीत. काहीही बदलणार नाही, एक काना इकडचा तिकडे नाही."

उखाला बरं वाटलं. परंपरा हा शब्द आपल्या काठीसाठी त्याने पहिल्यांदाच ऐकला. काठीला एवढं मोठं नाव पेलेल का, असंही वाटलं. पण थकलेल्या माणसाला कुणी पाठीशी उभं राहिलं की तो चेहरा बघत नाही, पाठ टेकवतो.

आता भाडोत्र्यांचं सांगायला पाहिजे. रीत लागली तेव्हा गल्लीत भाडोत्री म्हणजे एकटी पोरं. खोलीत सहा जण, मेसमध्ये जेवण, खात्यात अंघोळ. त्यांना पाणी पिण्यापुरतं. म्हणून ठरलं की वीसही मालक झाले की उरलेल्यात भाडोत्री. तेव्हा ते बरोबर होतं. आता वरच्या खोल्यांत बायकापोरांसह संसार होते, बरेचसे मराठवाड्या-विदर्भाकडचे, आणि नियम तोच.

शुक्रवारी सकाळी सव्वासातला उखाच्या घरचं भरून झालं. भाडोत्र्यांची पाळी सुरू झाली. भगवानच्या वरच्या मजल्यावरची सरस्वती खाली नळाशी हंडा लावून बसली होती. परभणीकडची, नवरा सेंटरिंगच्या कामाला, दोन लेकरं, घरी साड्यांवर खडे चिकटवायचं काम. अर्धा हंडा झाला आणि नळाने आवाज काढला. पाणी गेलं.

"मामा," ती म्हणाली. उखाला ऐकू यावं म्हणून उठून समोर आली. "ही रीत कोनी केली?"

"मी."

"आमी शेवटी, हे बी तुमीच?"

"भाडोत्री तेव्हा बॅचलर होते. त्यांना कितीसं पाणी लागायचं."

"मी बॅचलर दिसते का तुमाला?"

दोन बायका फसकन हसल्या. उखाचा चेहरा लाल झाला. "तोंड सांभाळ. माझ्या घराला बघ, चावी माझ्याकडे आणि पाणी मला शेवटी. तीस वर्षं शेवटी! कुणाला विचार."

"तुमी कुठं शेवटी?" सरस्वती हंडा कमरेवर घेत म्हणाली. आवाज चढलेला नव्हता, तेच जास्त लागलं. "शेवटी आमी हाव. तुमच्या मागं. तुमी मागं वळून बगितलंच नाय." मग जिन्यापाशी थांबून, भगवानच्या दाराकडे नजर टाकून, हळूच काहीतरी पुटपुटली. उखाला तिच्या ओठांवर एवढंच वाचता आलं: पाणी येतं मामा, पण वर चढतं.

त्याला त्याचा अर्थ लागला नाही. दिवसभर तो चिडलेला होता. तीस वर्षं ज्या एका गोष्टीच्या जोरावर तो गल्लीत मान ताठ करून चालला, की मी शेवटी घेतो, ती त्या बाईने अर्ध्या हंड्यासकट उचलून नेली. दुपारी तो योगितापाशी बसला.

"त्या पुस्तकात, रीत बदलायची असेल तर कशी बदलायची ते दिलंय का?"

"तसं नाही दिलेलं. एवढंच आहे की बदलाला विरोध नाही, घाईला विरोध आहे. जी संस्था अजिबात बदलत नाही ती मोडते, असं मॅडम म्हणाल्या."

"आणि मोडू नये म्हणून बदलणारा, तो कोण? रूढीचुस्तच?"

योगिताने विचार केला. "हो. खरा तर तोच म्हणे. बाकीचे नुसते..." तिला शब्द सापडेना.

"नुसते बसलेले," उखा म्हणाला.

धुरपदाबाई तांदूळ निवडत होती. तिने दोघांकडे बघितलं. "काब्र इतला इचार करतस? पानी भरतीस बाया, आन इचार करतीस माणसं."

रविवार. मारुतीच्या देवळाचा ओटा. मालक पुढे सतरंजीवर, बायका मागे पायऱ्यांवर, भाडोत्री त्याहून मागे भिंतीला टेकून. त्यांना मत नव्हतं, पण पाणी आपलंच ठरणार म्हणून आलेले. भाईने मोटरीचा एक नमुना पाठवला होता, तो निळा डबा मधोमध पूजेला मांडल्यासारखा ठेवलेला.

कुंदन आधी बोलला. बरं बोलला. वेळ वाचेल, बायकांना पहाटे रांग नको, म्हाताऱ्या माणसाला त्रास नको. "तीस वर्षं तात्यांनी केलं. आता त्यांना आराम देऊ." टाळ्या पडल्या. आराम हा शब्द ऐकून उखाच्या गुडघ्यांनीसुद्धा टाळी वाजवली असती. खरं सांगायचं तर त्या क्षणी त्याला वाटलं, देऊन टाकावी चावी आणि निजावं.

मग भगवान उठला. परंपरा, संस्कार, बापजादे, आपली संस्कृती, सगळं आलं. आवाज चढला. "जे चाललंय ते चालू द्या! एक अक्षर बदलायचं नाही!" त्यालाही टाळ्या. सगळे एकदम बोलू लागले. भगवान खाली बसला आणि शेजारच्या विठ्ठलच्या कानाशी लागला, उखापासून पंधरा हातांवर, कल्लोळात, बिनधास्त. या गोंगाटात कोण ऐकणार?

लूमवर काम केलेला माणूस. तो ऐकणार. दोनशे लूम धडधडत असतात तिथे कुणी कानाने बोलत नाही. कारीगर एकमेकांच्या ओठांवर बोलणं वाचतात. या टोकाकडून त्या टोकाला शिव्या देतात, पोराच्या लग्नाची बोलणी करतात. किराण्याच्या गल्ल्यावर बसणाऱ्याला हे कुठून माहीत? उखाने भगवानचे ओठ वाचले, अक्षर अन् अक्षर: 'म्हातारा आहे तोवर बरं आहे. भाडोत्री शेवटी राहिले की त्यांचं पाणी आपल्या टाकीत घेता येतं. खालून कॉक फिरवला की काम झालं. त्यांना वाटतं, पाणी गेलं.'

पाणी येतं मामा, पण वर चढतं.

उखा उभा राहिला. काठीशिवाय उभा राहिला, त्यामुळे थोडा हलला.

"मोटर नको," तो म्हणाला. भगवानच्या बाजूने टाळी पडली. "गप बसा. झालं नाही माझं. पाळी राहील, पण आहे तशी नाही राहणार. माझ्या बापाने पाणी शेपटाकडून का सोडलं? कारण शेपटाला पाणी दिसत नाही. शहाण्णव साली शेपूट म्हणजे वीस नंबर होतं. आता शेपूट कुठं आहे? वरच्या मजल्यावर आहे. ते मी बघितलं नाही. माझी चूक. उद्यापासून प्रत्येक घरात आधी भाडोत्री भरतील, मग मालक. आणि त्यांची पाळी चालू असताना खालचे सगळे कॉक बंद. मी काठी घेऊन बघेन. काळ्या टाकीपासून सुरुवात करेन."

सगळा ओटा एकदम फुटला.

"ही रीत नाही!" भगवान ओरडला. "तीस वर्षांत असं कधी झालं नाही! ही परंपरा मोडणं आहे!"

"रीत मी लावली, बे! मलाच शिकवतो?"

"भाडोत्री आधी? उद्या घर पण त्यांच्या नावावर करा!"

"तुला परंपरा पाहिजे का टाकी, ते एकदा सांग. मी तुझे ओठ वाचले, भगवान. विठ्ठलला विचार मी काय वाचलं ते."

विठ्ठलने सतरंजीची दशी बघायला घेतली. ज्या बारा घरांनी जुन्यासाठी टाळ्या दिल्या होत्या, त्यातल्या बऱ्याच जणांनी आता निळ्या डब्याकडे प्रेमाने बघायला सुरुवात केली. उखाला ते दिसलं. माझ्या रितीला हे लोक धरून होते असं मला वाटायचं, आणि हे आपापल्या बादलीला धरून होते. एवढं कळायला अडुसष्ट वर्षं लागली.

कुंदन म्हणाला, "चला, तात्याच क्रांतिकारी निघाले. मत घेऊ. मोटर पाहिजे त्यांनी हात वर करा."

हात वर जाऊ लागले. भगवानचाही. तेवढ्यात पायऱ्यांवरून आवाज आला, उखाला न ऐकू येणं शक्यच नव्हतं असा.

"पानी कोन भरस? त्यासले इचारा!"

धुरपदाबाई उभी होती. पदर कमरेला. "या माणसास्नी एक दिन तरी हंडा उचलेल शे का? हात वर करतस! ज्यासनी कंबर दुखस त्यासले इचारा."

कुणीतरी हसलं, मग कुणीतरी बाई म्हणाली, हो ना! आणि कुंदनची स्वतःची बायको चंचल, जी आत्तापर्यंत फोनमध्ये होती, म्हणाली, "बरोबर आहे आजींचं. आपलं घर अठरा नंबर आहे. पुढच्या सतरा मोटरी चालू झाल्यावर मला काय मिळेल, तुमचं लेक्चर?"

कुंदन लाजला, मग हसला. त्याला हरायचं कसं ते येत होतं, म्हणून तो पुढे जाईल. त्याने बायकांना हात वर करायला सांगितलं. पाळीसाठी पायऱ्या भरल्या. मागे भिंतीपाशी सरस्वतीने हात अर्धा वर केला, खाली घेतला, भगवानकडे पाहिलं आणि परत वर केला. तिला मत नाही, असं कुणी म्हणालं नाही. म्हणायची हिंमत त्या क्षणी कुणाला नव्हती.

"ठीक," कुंदन म्हणाला. "पाळी राहील. तात्यांनी सांगितली तशी, भाडोत्री आधी. पण माझी एक गोष्ट. चावी आता तात्यांकडे नाही. तीस वर्षं एकाच कमरेला. तात्या चांगले आहेत म्हणून चाललं. पण तात्यांना टाकी दिसली नाही ना? एकट्याला सगळं दिसत नाही. चावी सहा-सहा महिने फिरेल. पहिले सहा महिने मी."

उखाने मागे योगिताकडे पाहिलं. तिने नजर खाली घातली. पुस्तकात होतं ते. कितीही चांगला हात असला तरी. गेल्या रविवारी तिने वाचलं तेव्हा त्याने मान डोलावली होती. तेव्हा तो हात कुणा दुसऱ्याचा वाटला होता.

भांडायला तोंड उघडलं होतं त्याने. पण भांडायला पोरगं चुकीचं पाहिजे. कमरेची चावी सोडताना गाठ निघेना. तीस वर्षांची गाठ. धुरपदाबाईने येऊन दातांनी सोडवली.

सोमवारी पाचला डोळा उघडला. उखा उठला नाही. म्हणजे उठायचं नाही असं ठरवून पडून राहिला, आणि त्यात झोपण्यापेक्षा जास्त दमला. योगिता पेपरला जायच्या गडबडीत होती. बाहेर गल्लीत काय चाललंय ते त्याला ऐकू येणार नव्हतं, म्हणून तो छताकडे बघत होता.

दार हललं. सरस्वती दारात, ओला पदर, हातात रिकामा हंडा.

"मामा, उठा! त्यानं दोन नंबरपासून सुरू केलं. वॉल पण अर्धाच खोललाय. वीसला नुस्ती हवा येऊ लागली."

"मी कोण?"

"असं काय करता? तुमाला येतं ना सगळं."

"कुंदनला सांग."

"त्याला कळत न्हाई."

"मग शिकव."

"मी?" ती हंडा खाली ठेवायचंच विसरली. "मी भाडोत्रीन, मी त्याला शिकवू?"

"शेपूट तुझ्याकडे आहे. शेपटाला पाणी आलं की नाही ते तुलाच आधी कळतं. मला घरात बसून कसं कळेल?" तो उठून बसला. काठी भिंतीला टेकलेली होती. त्याने ती तिच्याकडे सरकवली नाही. कुणाच्या काठीवर कुणी रीत चालवू नये, एवढं त्याला आता कळत होतं. "वॉल पूर्ण उघडायला सांग. मग वीस नंबरचा वरचा मजला. मग खालचा. एकदा चुकेल, दोनदा चुकेल. जा, पाणी वाया जातंय."

ती गेली. हंडा तिथेच दारात ठेवून.

उखा बसून राहिला. पाय जमिनीला लागले होते आणि पुढे जायला परवानगी मागत होते. बऱ्याच वेळाने धुरपदाबाई दारातून बघून आत आली.

"काय चाललंय?" त्याने विचारलं.

"ती बाई त्या कुंदनले शिव्या दी राह्यनी," धुरपदाबाई म्हणाली. "बठ्ठा भाडोत्री खाले उतरी येल शेत, मजा देखाले."

"ऐकतो का तो?"

"वॉल फिरावना त्यानी. पुरा."

"बरं," उखा म्हणाला, आणि परत आडवा झाला. आपल्या घरी पाणी यायला अजून तास-दीड तास होता.